पालखीच्या वहीतलं गाव

माझ्या हातून आयुष्यात एकदा सात घरं बुडाली. वादळ नव्हतं, उधाण नव्हतं. भर दुपारी, पडवीत पालथं पडून, पेरू चघळत, निळ्या पेन्सिलीनं मी ती बुडवली आणि वर त्या जागी शिडाची एक होडी काढली. होडी फार सुरेख आली होती. ती पाहून सरपंचांनी माझी पाठ थोपटली, माझ्या चुलत्यांनी आल्यागेल्याला तो कागद दाखवला. आज पन्नाशी उलटल्यावर कुणी विचारतं की तुम्ही उभा जन्म पोरांना समाजशास्त्र शिकवण्यात का घालवलात, तेव्हा मी चष्मा पुसते, घसा खाकरते आणि काहीतरी भारदस्त सांगते. खरं कारण ती होडी आहे.

आमचं गाव म्हणजे वाळूच्या कडेनं लांबवर गेलेली घरांची एक ओळ. उत्तरेच्या टोकाला लांबरुंद खळ्याचं आमचं घर, त्याला लागून माझे थोरले चुलते तात्या यांचं, पुढं बाकीची वाडी, मध्ये देऊळ आणि शाळा, मग सुरूचं चिंचोळं बन, आणि बनापलीकडं खाडीच्या तोंडाशी एकमेकांना खेटून सात घरं. बाबा होडीवर तांडेल होते. होडी कुठं न्यायची आणि कधी मागं फिरवायची हे तांडेल ठरवतो, त्यामुळं समुद्रावर त्यांचा शब्द शेवटचा आणि घरात आईचा. आई डोक्यावर पाटी घेऊन मासे विकायची. सकाळी आमच्या घरात तीन आवाज असत: विळीवर खवले खरवडण्याचा, रेडिओवरून मच्छीमारांना मिळणाऱ्या इशाऱ्याचा, आणि त्या इशाऱ्याला आईनं दिलेल्या उत्तराचा. ‘समुद्र खवळलेला राहील,’ रेडिओ सांगे. ‘खवळंल नायतर काय करंल, तुमी त्याला बारा म्हयने डिवचता,’ आई त्याला सुनवे. जाळ्यात पेडवे मिळाले की तिरफळं घालून झणझणीत तिखलं, नाही मिळाले की कुळथाची पिठी आणि भात. आणि पावसाळ्यातल्या अमावस्या-पुनवेला भरतीचं पाणी थेट खळ्यात, म्हणजे घरापुढच्या अंगणात. ते यायचं, तुळशीभोवती फिरायचं आणि जाताना पुढची थोडी वाळू घेऊन जायचं. लहानपणी आम्ही लंगडी खेळलो ती जागा मी कॉलेजात जाईपर्यंत समुद्रात गेली होती. घरात कुणी यावर बोलत नसे. दात पडल्यासारखं ते सगळ्यांनी मान्य करून टाकलं होतं.

कॉलेज रत्नागिरीला. तत्त्वज्ञान आणि समाजशास्त्र हे दोन विषय मी फार विचार करून घेतले असं मी मुलाखतीत सांगते. खरं तर आमची एस. टी. पोचल्यावर तेवढेच तास शिल्लक असायचे. आईला मी पहिल्या दिवशी सांगितलं, ‘तत्त्वज्ञान घेतलंय.’ ती म्हणाली, ‘शिजतं का लवकर?’

दोन्ही विषयांना मिळून एकच खोली होती, एकच पंखा, आणि मधोमध एक लोखंडी कपाट. कपाटाच्या अलीकडं पटवर्धन सर, तत्त्वज्ञान. पलीकडं शेख बाई, समाजशास्त्र. सर उंच, सडपातळ, भर उन्हात छत्री विसरणारे. बाई ठेंगण्या, चपळ, आणि समोरच्याचं वाक्य संपायच्या आत त्याचं उत्तर तयार असणाऱ्या. दोघं एकमेकांचं तोंड न बघता कपाटावरून भांडत.

‘माणसानं कसं वागावं हा प्रश्न आधी,’ सर म्हणत.

‘माणूस वागतो कसा ते आधी बघून या, मग त्याला वागायला सांगा,’ पलीकडून उत्तर येई.

‘जे आहे त्यावरून जे असायला हवं ते कळत नाही, बाई.’

‘आणि नुसतं असायला हवं म्हणून रिक्षावाला थांबत नाही, सर.’

आम्ही पाच विद्यार्थी हे ऐकत डबे खायचो. त्या वर्षी या दोघांनी मिळून एक अचाट कल्पना काढली. जगापुढचे मोठे प्रश्न दोन्ही डोळ्यांनी बघायचे. प्रत्येकानं एक प्रश्न निवडायचा. त्यावर सरांना निबंध द्यायचा आणि बाईंना प्रत्यक्ष पाहणी करून तक्ता द्यायचा. कुणी भूक घेतली, कुणी व्यसनं घेतली. लांज्याच्या एका मुलानं अणुबॉम्ब घेतला आणि पाहणीला कुठं जायचं या काळजीनं तापानं फणफणला. मी समुद्र घेतला. पृथ्वी तापते आहे, पाणी वर चढणार आहे, असं तेव्हा वर्तमानपत्रांतून नुकतं कुठं येऊ लागलं होतं. मी सरांसाठी ‘भावी पिढ्यांप्रती अखिल मानवजातीचं कर्तव्य’ यावर बारा पानं लिहिली. ती इतकी उदात्त होती की लिहिताना मला स्वतःलाच दोनदा रडू आलं.

बाईंचं काम मात्र रडून होणारं नव्हतं. गावातल्या प्रत्येक घरी जायचं आणि तेच चार प्रश्न विचारायचे: पाणी कधी आलं, कुठवर आलं, काय गेलं, तुम्ही काय केलं. त्यासाठी आधी घरांची यादी हवी. तलाठ्याकडच्या यादीत मेलेली माणसं जिवंत होती आणि जिवंत असलेली जन्मायची होती. मी तक्रार करत होते तर तात्या म्हणाले, ‘यादी शोधत फिरतेस कशाला? आपली वही हाय की.’

शिमग्यात आमच्याकडं देवाची पालखी घरोघर जाते. कुठलं घर आधी, कुठलं नंतर, कुणाच्या खळ्यात ती नाचवायची, हा सगळा मानाचा क्रम, आणि तो सांभाळणारे मानकरी म्हणजे तात्या. तो क्रम लाल फडक्यात बांधलेल्या वहीत लिहिलेला असे. घर चुकलं तर देव कोपतो, म्हणून ती वही दरवर्षी तपासली जाई. कुणी वेगळी चूल मांडली की नवी ओळ. तिच्याइतकी अचूक यादी सरकारकडंसुद्धा नव्हती. तात्यांनी हात धुऊन, कपाळाला लावून ती माझ्यापुढं ठेवली. मी उतरून घेतली, पंधरा दिवस घरोघर फिरले, चहा पिऊन पिऊन पित्त वाढवलं, आणि मग पडवीत बसून तो नकाशा काढला. पालखी सुरूच्या बनापर्यंत जाऊन मागं फिरते. माझा नकाशाही बनापाशी संपला. पुढची जागा रिकामी दिसू नये म्हणून समुद्र रंगवला आणि होडी काढली.

इथवर हे सगळं वह्या-पुस्तकांतलं होतं. पण नेमका त्याच महिन्यात गावासाठी समुद्राकडेचा बंधारा मंजूर झाला. सरकारी बांधकाम खात्याचे साहेब आले, म्हणाले, लांबी मंजूर झाली तेवढीच, वाढणार नाही. कुठून कुठवर घालायचा ते घरं बघून ठरवू, पाणी कुठं येतं त्याची माहिती द्या. सरपंचांकडं माहिती नव्हती. माझा नकाशा होता, रंगीत, शिवाय सोबत तक्ता. साहेबांनी त्यावर आमच्या घरापासून बनापर्यंत लाल रेघ मारली. लांबी अशी बेतानं बसली की जणू ती आमच्यासाठीच मोजून आणली होती. शुक्रवारी ग्रामसभा, ठराव आणि सही. मी हवेत होते. जगाचा प्रश्न मी सोडवला होता, आणि तोही परीक्षेच्या आधी.

मंगळवारी एस. टी.त माझ्या शेजारी कुंदा जाधव बसली. कुंदा बनापलीकडच्या सात घरांतली. टायपिंग शिकायला ती रत्नागिरीला यायची, दोन वर्षं आम्ही एकाच बाकावर बसून जात होतो, एकमेकींच्या डब्यातलं खात होतो. मी नकाशाची प्रत काढून तिच्या मांडीवर पसरली आणि कौतुकाची वाट बघत बसले. तिचं बोट आमच्या घरावरून निघालं, देवळावरून, शाळेवरून, बनावरून आलं आणि होडीवर थांबलं.

‘होडी छान काढलीयस,’ ती म्हणाली.

‘आवडली?’

‘हं. हितं आमचं घर हाय.’

मी हसले. देवाशपथ, मी हसले, कारण मला वाटलं ती गंमत करतेय. ती खिडकीबाहेर बघत होती. गाडीनं घाट घेतला. मी तिच्या मांडीवरचा नकाशा परत वरपासून बघितला.

‘तुमच्याकडं मी आले नाही, होय ना?’ मी म्हटलं.

‘कुणीच आलं नाय.’

‘वहीत नव्हतं गो.’

‘कुठल्या?’

‘पालखीच्या.’

त्या सात घरांनी आमच्या आजोबांच्या काळात बौद्ध धर्म स्वीकारला. तेव्हापासून पालखी बनापलीकडं जात नाही. पालखीनं जायचं सोडलं की त्यांनी बोलवायचं सोडलं, यावर आमच्याकडं दोन मतं होती. कुंदानं त्या दिवशी तिसरं सांगितलं. ‘आमच्याकडं मान नव्हता, सुले. गावकीची कामं होती. ती सोडली.’ मग नकाशाची घडी माझ्या हातात देत तिनं विचारलं, ‘बंधारा बनापर्यंत. बरं. मग बंधाऱ्याला आपटलेलं पाणी कुठं वळणार?’

मी तांडेलाची मुलगी. मला उत्तर माहीत होतं. भिंत जिथं संपते तिथं समुद्र दुप्पट जोरानं खातो. मी ती घरं नुसती विसरले नव्हते, त्यांच्या अंगावर पाणी घालणार होते. आणि ती घरं मला ठाऊक नव्हती असंही नाही. कुंदाच्या डब्यातली सुकट मी दोन वर्षं खात होते. ठाऊक होतं आणि मोजलं नाही, ही गोष्ट आजही सांगताना मी जरा भरभर सांगते.

कॉलेजात पोचल्यावर मी त्या खोलीत जाऊन रडत रडत सगळं सांगितलं. मग शेख बाई उठून कपाटाला वळसा घालून अलीकडं आल्या.

‘यादी कुठून घेतलीस हे मी विचारायला हवं होतं,’ त्या म्हणाल्या. ‘तुला नाही, आधी मला शून्य मार्क. यादी म्हणजे नुसती नावं नसतात. आपलं कोण हे गावानं आधीच ठरवून ठेवलेलं असतं, आणि आपण ते गणित समजून उतरवून घेतो.’

सरांनी माझा निबंध खणातून काढला. बारा पानं चाळली. ‘अखिल मानवजात हा शब्द फार सोयीचा आहे गं,’ ते म्हणाले, ‘त्यात कुणाला नावानं हाक मारावी लागत नाही. मी तुला दहापैकी नऊ दिले होते.’

‘आता काय करू?’

‘चूक जाहीर कबूल करायची. कर्तव्यच आहे ते.’

‘आणि मग?’ बाई उसळल्या. ‘लांबी वाढणार नाही. ही पोर उभी राहून कबूल करील, सगळे टाळ्या वाजवतील आणि रेघ आहे तिथंच राहील. सभा कुठं भरते?’

‘देवळाच्या मंडपात.’

‘ती सात घरं मंडपात येतात?’

‘नाही.’

‘झालं तर! आधी मोजलं नाही, आता ऐकायलाही नको. सर, तुमचं कर्तव्य मंडपाच्या पायरीवरच अडकलं.’

‘आणि तुमचा दुरुस्त तक्ता, बाई? त्यात सात ओळी जास्त येतील. त्या ओळींसाठी कुणी आपली भिंत का सोडावी, हे तक्ता सांगतो?’

‘नाही सांगत,’ बाई म्हणाल्या. तीन वर्षांत त्यांनी हार मान्य केल्याची ही एकमेव वेळ.

घरी माझा निभाव लागला नाही. बाबा पडवीत जाळं सांधत होते, आई विळीवर बसली होती. मी सांगून संपवायच्या आत तात्या खळं ओलांडून आले. आमच्या घरातली कुजबुज त्यांच्या घरात ऐकू जायची, तशी सोयच होती.

‘गप बसायचं,’ तात्या म्हणाले. ‘कागद गेला, सायबानं रेघ मारली, शुक्रवारी सही. कळलं?’

‘तात्या, सात घरं आहेत तिथं.’

‘हायत ना. मी कुठं नाय म्हणतो? पण भिंत तेवढीच. तिकडं ओढलीस तर हितं उघडं पडंल. हितं कोण ऱ्हातो? तुजा बाप. आनि मी.’ त्यांचा आवाज अचानक खाली आला. ‘माजं खळं गेल्या साली निम्मं गेलं, सुले. तुला दिसलं नाय?’

दिसलं होतं. तक्त्यात लिहिलंही होतं. तात्या दुष्ट नव्हते. असते तर ही गोष्ट सांगणं किती सोपं झालं असतं. मी बाबांकडं पाहिलं. ते जाळ्यातली एक गाठ बराच वेळ सोडवत होते. आईनं विळी आडवी केली आणि म्हणाली, ‘वहीत नसलं म्हणून काय पाणी त्यांच्याकडं जायचं थांबतं?’ तात्या म्हणाले, ‘बायकांनी ह्यात पडू नये.’ ‘पडत नाय,’ आई म्हणाली, ‘मी बसलेलीच हाय.’ पण मग तिनं विळी परत उभी केली. घर तिचंही होतं.

बुधवारी आणि गुरुवारी कॉलेज बुडवून मी बन ओलांडलं. कुंदा बरोबर होती. सगळ्यात शेवटचं, अगदी खाडीच्या तोंडाशी असलेलं घर तिचंच. तिचे वडील लक्ष्मणकाका मुंबईला गिरणीत होते, गिरणी बंद पडल्यावर परत आले होते. त्यांनी मला खुर्ची दिली आणि स्वतः उभे राहिले.

‘विच्यार,’ ते म्हणाले. ‘बाकीच्यांना जे विच्यारलंस तेच, त्याच क्रमानं. आमाला वायलं काय नको.’

‘पाणी कुठवर आलं?’

‘चुलीत. लिही, चुलीत. गेल्या दोन्ही वर्साला.’ मी लिहीपर्यंत थांबून त्यांनी विचारलं, ‘आदी का नाय आलीस?’

मी खरं सांगितलं. ते हसले. पण तसं हसू मला परत कुणी दाखवू नये.

‘म्हंजे सरकारचे दगड आता पालखी जाईल तितंच जानार,’ ते म्हणाले.

सातही घरांत उत्तर एकच होतं. चुलीत. आमच्या बाजूच्या टोकाला तक्त्यात सगळीकडं ‘खळ्यात’ असं होतं, माझ्याच अक्षरात.

गुरुवारी संध्याकाळी मी शाळेच्या गुरुजींकडं गेले आणि कबड्डीच्या रेघांसाठी ठेवलेला चुना मागितला. कशाला, त्यांनी विचारलं. मी म्हटलं, पाहणीसाठी. ते शिक्षक असल्यामुळं हा शब्द ऐकून हरखले. शुक्रवारी सकाळी मी आणि कुंदानं शाळेच्या पटांगणात सगळा किनारा आखला: घरं, देऊळ, बन, बनापलीकडची सात घरं, आणि एका बाजूला निळीचं पाणी शिंपडून समुद्र. साहेबांची मंजूर लांबी माझ्या पावलांच्या मापात बसवून बाबांच्या होडीचा एक जुना दोर कापला. तो बाबांना न विचारता कापला. हे त्यांना त्या दिवशी दुपारी कळलं.

साहेब दुपारी आले. लोक मंडपाकडं निघालेच होते. मी पुढं झाले आणि अगदी निरागस चेहऱ्यानं, जो मला आजही उत्तम जमतो, म्हटलं, ‘साहेब, नकाशात एक दुरुस्ती आहे. कागदावर मावत नव्हती म्हणून पटांगणात काढलीय. सगळ्यांनी जरा तिकडं यायला लागेल.’ तात्या म्हणाले, ‘काय गरज नाय.’ पण आमच्या गावाला तमाशा चुकवणं जमत नाही. निम्मी माणसं आधीच पोचली होती.

‘ज्याचं घर त्यानं आपल्या चौकोनात उभं राहायचं,’ मी ओरडले. मग काय विचारता! ढकलाढकली, हशा, ‘अरे तू माझ्या न्हाणीत उभा हायस,’ ‘तुझा कोंबडा आवर!’ पटवर्धन सर आणि शेख बाई दुपारच्या गाडीनं आले होते. सर गडबडीत निळीवर उभे राहिले. आई म्हणाली, ‘सर, तुमी दर्यात हाय. वर या.’ सर घाईघाईनं वर आले. बनापलीकडचे सात चौकोन रिकामे होते. ती माणसं शाळेच्या फाटकाबाहेर उभी होती.

मी बारा पानं मानवजातीवर लिहिली होती आणि आता सात नावं तोंडातून निघत नव्हती. ‘लक्ष्मण जाधव,’ मी शेवटी म्हटलं. मग दुसरं, मग तिसरं. ती सात कुटुंबं फाटकातून आली, सगळं पटांगण ओलांडून आपापल्या चौकोनात उभी राहिली. आता कुणी हसत नव्हतं. ‘हे माझ्याकडून राहिलं होतं,’ मी साहेबांना म्हटलं. ‘मी पालखीच्या यादीवरून गाव मोजलं. ती माझी चूक.’

‘ज्यांच्या खळ्यात पाणी येतं त्यांनी एक हात वर करा,’ मी पुढं म्हटलं. आई, बाबा, तात्या, आमच्या बाजूचे सगळे एकेक हात वर करून उभे राहिले. ‘ज्यांच्या चुलीत येतं त्यांनी दोन्ही.’ आमच्याकडं एकही दुसरा हात वर गेला नाही. बनापलीकडं सात घरांतल्या सगळ्या बायका-पुरुषांचे दोन्ही हात वर होते, लक्ष्मणकाकांचेही. साहेबांनी चष्मा काढून पुसला आणि परत घातला.

‘लांबी वाढत नाही,’ ते म्हणाले. ‘माझ्या हातात नाही ते.’

‘हा दोर तेवढा आहे,’ मी म्हटलं. एक टोक मी बाबांच्या हातात दिलं. त्यांनी दोराकडं पाहिलं, ओळखला, माझ्याकडं पाहिलं. दुसरं टोक साहेबांनी स्वतः धरलं आणि ते घरांसमोरून चालत गेले. बनापाशी दोर ताणला गेला. साहेब थांबले. त्यांच्या पुढं ती माणसं तशीच हात वर करून उभी होती. वाऱ्यानं चुना उडत होता.

मग बाबा चालू लागले. आमचा चौकोन सोडून दोराचं टोक धरून दक्षिणेकडं निघाले. आई मागून म्हणाली, ‘अवो, घर सोडून कुठं?’ ते थांबले नाहीत. तिकडं साहेबही पुढं सरकत होते, एक घर, दोन घरं. बाबा तात्यांच्या चौकोनाच्या कडेला पोचले तेव्हा साहेब सहाव्या घरापाशी होते. सातवं कुंदाचं. दोर परत ताणला गेला. आणि तात्यांनी दोर धरला.

दोघे भाऊ एकाच दोराला. तात्यांच्या मनगटावरच्या शिरा मला आजही दिसतात.

‘दादा, सोड,’ बाबा म्हणाले.

‘तुजं घर तू सोडलंस. माजं सोडनारा तू कोन?’

‘आपल्या खळ्यात येतं. त्यांच्या चुलीत येतं.’

‘वाडवडलांपासून ह्यो क्रम हाय. वहीत...’

‘वही शिमग्याला काढ,’ बाबा म्हणाले. ‘आज भरतीचं बोलनं चाललंय.’

तात्यांनी दोर सोडला नाही. बाबांनीही ओढला नाही. मला वाटतं, ओढला असता तर सगळं तिथंच फिसकटलं असतं. माझ्याजवळ उभे असलेले सर हळूच म्हणाले, ‘आता काय असावं हे मी सांगू शकतो.’ शेख बाई म्हणाल्या, ‘सांगू नका.’ आणि सर खरंच बोलले नाहीत.

आई आपल्या चौकोनातून निघून आली. तिचा एक हात अजून वरच राहिला होता. तो तिनं खाली घेतला आणि तात्यांच्या मुठीवर ठेवला. ‘भावजी,’ ती म्हणाली, ‘माजंबी घर भायेर राह्यलंय. सोडा.’ तात्यांनी तिच्याकडं पाहिलं नाही. पण मूठ उघडली. बाबांनी आणखी सात पावलं टाकली आणि साहेब कुंदाच्या घरापुढं जाऊन थांबले.

सरपंचांनी ठराव मांडला, हात वर झाले. सगळे नाही, पण पुरेसे. साहेबांनी जुनी रेघ खोडून नवी मारली आणि सही केली. तात्या तोवर निघून गेले होते. पुढं बंधारा झाला, आणि तात्या आमच्याशी किती वर्षं बोलले नाहीत हे मी मोजलेलं नाही. हल्ली परिषदांतून मला बोलावतात, जगाच्या प्रश्नांवर दोन शास्त्रांनी एकत्र कसं यावं ते सांगायला. मी छान बोलते. पण बोलताना अधूनमधून त्या दोराची आठवण होते, आणि तेव्हा माझं वाक्य हमखास तुटतं.

सभेनंतर आम्ही तिघं किनाऱ्यानंच घरी आलो. नवा बंधारा जिथून सुरू होणार होता तिथं बाबा थांबले. तिथून आमच्या पायरीपर्यंत पावलं मोजत आले. किती, ते सांगितलं नाही. तात्यांचं दार बंद होतं. बाबांनी पाय धुतले, परसात गेले आणि जांभ्याचे चार चिरे एकेक करून आत आणले. स्वयंपाकघराच्या कोपऱ्यात ते दोन-दोन रचले. मग भाताचं पिंप त्यांवर चढवायला हात घातला.

‘आत्तापासनं?’ आई म्हणाली. ‘उधानाला अजून म्हयने हायत.’

‘सवय हुंदे.’

आई कमरेवर हात ठेवून माझ्याकडं वळली. ‘हिला शिकवली ती ह्याच्यासाठी?’

बाबांनी पिंप एका बाजूनं उचलून धरलं होतं, मान वाकडी करून त्यांनी माझ्याकडं पाहिलं.

‘बघतेस काय? धर तिकडून.’

मी धरलं. पिंप काठोकाठ भरलेलं होतं.